आता पुढचं वाच

अरेरा कॉलनीत आमच्या शेजारी राहणाऱ्या बाई सरकारी कचेरीत फाइली तपासून निवृत्त झाल्या. बायबलही त्या तसंच वाचतात. मागचं-पुढचं पान पाहिल्याशिवाय कुठल्याच वचनाचा अर्थ मान्य करत नाहीत. आवडत्या ओळीखाली कुणी रेघ मारलेली त्यांना चालत नाही. "रेघ मारली की बाकीचं पान मुकं होतं," म्हणतात.

एकदा मी त्यांच्याकडे चहाला बसलो असताना जवळच राहणारा त्यांचा भाचा बायकोला घेऊन आला. तिला मंडीदीपच्या कारखान्यात नोकरी लागली होती, आणि तिनं ती करू नये असा त्याचा हट्ट होता.

"आत्या, तूच समजाव हिला. बायकोनं नवऱ्याच्या अधीन राहावं, बायबलमध्ये साफ लिहिलंय."

बाईंनी ते पान काढून त्याच्यापुढे ठेवलं. "लिहिलंय ना. आता पुढचं वाच. जोरात."

तो वाचू लागला. नवऱ्यानं बायकोवर जीव देण्याइतकं प्रेम करावं, इथवर आल्यावर त्याचा आवाज खाली गेला.

"जीव राहू दे," बाई म्हणाल्या. "सोमवारी तिला बसपर्यंत सोड, बस्स."

सोमवारी सकाळी मी फिरायला निघालो, तेव्हा कंपनीची बस कोपऱ्यावर उभी होती. ती आत बसली होती, आणि तो टाचा उंचावून खिडकीतून तिला डबा देत होता.