दाराला चौदा मतं

कुठलीही वस्तू समोर आली की काका आधी तर्जनी वाकवून तिच्यावर टक टक करायचे आणि मग डोळे मिटून कान द्यायचे. "आवाज खोटं बोलत नाही," हे त्यांचं ठरलेलं वाक्य. बाजारात कलिंगड असं वाजवून घेणारे तुम्हीही पाहिले असतील. काका खुर्चीवर बसण्याआधी खुर्ची वाजवायचे, चहा पिण्याआधी कप वाजवायचे. मी नवीन हेल्मेट घेतलं तेव्हा ते माझ्या डोक्यावर असतानाच त्यांनी वाजवलं आणि "पास" म्हणाले. नक्की काय पास झालं, ते मी विचारलं नाही.

भोपाळच्या इंद्रपुरीत आमची घरं शेजारी-शेजारी. मी सरकारी कचेरीतला कारकून. काका जवळच्या मोठ्या कारखान्यात इन्स्पेक्टर होते. ओतून तयार झालेल्या लोखंडी भागावर छोटी हातोडी मारायची. खणखणीत वाजला तर पास, बद्द वाजला तर आत कुठेतरी भेग आहे. मग तो रिपेअरला जायचा, नाहीतर रिजेक्ट. निवृत्त झाल्यावर हातोडी कारखान्यात राहिली आणि बोट काकांबरोबर घरी आलं.

आमच्या मराठी मंडळातल्या सोळा जणांचा एक रिवाज होता. महिन्याच्या पहिल्या रविवारी मॉलमध्ये सकाळच्या खेळाला जायचं, तिथून पोह्या-जिलेबीच्या गाडीवर, आणि पोहे खाता खाता सिनेमावर हात वर करून मतं द्यायची. पास, रिपेअर की रिजेक्ट. मोजणी काकांकडे. नियमही त्यांचाच: अर्धा माल तपासून सही करायची नाही. मध्येच उठून गेलेल्याला मत नाही. या नियमापायी आम्ही काय काय सोसलंय ते आमचं आम्हाला ठाऊक.

एका महिन्यात काकांनी स्वतःच सिनेमा सुचवला. आश्चर्यच होतं, कारण ज्यात निदान एक तरी लग्न नाही असा सिनेमा त्यांना आवडल्याचं मला आठवत नाही. हा तर खुनांचा सिनेमा होता. बंद पडलेल्या गिरणीत राहणारा एक माणूस एकेकाला संपवतो, आणि कसा संपवतो ते दिग्दर्शक अगदी सावकाश, हौसेने दाखवतो. शहरभर त्यावर वाद चालला होता. माझ्या कचेरीत तर दोन टेबलांनी एकमेकांशी बोलणं टाकलं होतं.

मी काकांच्या शेजारी बसलो होतो. पहिला खून होण्याआधी पडद्यावर अंधार झाला आणि एक जुनं दार उघडलं. करकरत, मध्येच थांबून, पुन्हा करकरत. सगळं थिएटर आकसलं. पाध्येबाईंनी पदर डोळ्यांवर घेतला. मी काकांकडे पाहिलं तर त्यांचे डोळे घट्ट मिटलेले.

"काका, घाबरलात की काय?" मी कुजबुजलो.

"गप बसा हो. ऐकतोय."

पुढचे दोन तास त्यांनी पडद्याकडे फारसं पाहिलंच नाही. मी मनात म्हटलं, घ्या, इन्स्पेक्टरच माल न बघता सही करणार. शेवटी नावांची पाटी सुरू झाली, लोक उठले, पण काका उठले नाहीत. काकूही बसून राहिल्या. झाडू घेतलेली बाई बाजूला ताटकळत उभी राहिली, तेव्हा कुठे दोघं निघाले.

पोह्यांच्या गाडीवर भडकाच उडाला. पाध्येबाई मराठी शाळेच्या निवृत्त मुख्याध्यापिका. त्या म्हणाल्या, "मारामारीच बघायची तर मला सहावी ब पुरे होती. हे काय करमणूक म्हणायचं? माणसाला किंमतच नाही कुठे."

"बाई, रोज पेपरात काय येते मग?" सोनटक्के म्हणाला. हा नागपूरचा, इथे बँकेत. "दुनियाच तशी आहे तर पिक्चर तशीच राहीन ना. मला तर एकदम गजब वाटली."

"पेपर मी दोन मिनिटांत मिटते. हे अडीच तास चाललं."

अशी बराच वेळ जुंपली. सात हात पासला, सात रिजेक्टला. बरोबरी झाली की काकांचं मत निर्णायक. सगळे त्यांच्याकडे बघू लागले. त्यांनी प्लेटमधली जिलेबी इकडची तिकडे केली आणि म्हणाले, "मला मत नाही. घरच्या मालावर इन्स्पेक्टर सही करत नसतो."

कुणालाच काही कळलं नाही. काकूंनीही हात वर केला नव्हता, हे माझ्या तेव्हा लक्षात आलं.

"बाबूजी, पोहा ठंडा हो रहा है," गाडीवाला म्हणाला.

मग पाध्येबाईच बोलल्या. "एक मात्र खरं. ते दार. ते वाजलं तेव्हा माझ्या छातीत धस्स झालं. पदर डोळ्यांवर घेता येतो, कानांचं काय करणार?"

"दाराले तर मानलं," सोनटक्के म्हणाला.

काकांनी प्लेट खाली ठेवली. "दाराला किती?" त्यांनी विचारलं. एकेक करत चौदाही हात वर गेले. काकांनी ते दोनदा मोजले.

मग सगळं बाहेर आलं. ते दार त्यांच्याच घरातलं होतं, कोठीच्या खोलीचं. त्यांची मुलगी सिनेमांसाठी आवाज तयार करते, आणि या सिनेमातले बहुतेक आवाज तिचे होते. दिवाळीला आली होती तेव्हा दोन दिवस ती त्या कोठीत बसून दार उघडत-मिटत होती.

"आणि मी वीस वर्षं कानीकपाळी ओरडतेय, बिजागरीला तेल घाला म्हणून," काकू म्हणाल्या. सगळे हसले. काका हसले नाहीत.

मुलगी इंजिनीअर झाली, कारखान्यात नोकरीची संधी आली, ती सोडून ती या कामाला गेली. तेव्हा काका तिच्याशी दीड वर्ष बोलले नव्हते. आवाज काढणं हा काय धंदा झाला, असं म्हणाले होते. आयुष्यभर आवाजावर पगार घेतलेला माणूस. पुढे बोलणं सुरू झालं, पण तिच्या कामाचा विषय घरात कुणी काढत नसे.

"ती लहान असताना मीच शिकवलं होतं तिला, कसं ठोकायचं, कसं ऐकायचं," काका माझ्याकडे बघून म्हणाले. "आणि तिलाच रिजेक्ट केलं. न ठोकता."

मी त्यांच्या पाठीवर हात ठेवला. त्यांनी तिथेच उभ्या उभ्या मुलीला फोन लावला. "सिनेमा सात-सात," ते तिला म्हणाले. "पाध्येबाई चिडल्यात, त्यांचंही बरोबर आहे. पण दार पास. चौदापैकी चौदा." पलीकडे ती काय म्हणाली ते ऐकू आलं नाही. काका डोळे मिटून बराच वेळ ऐकत राहिले आणि पोहे खरंच गार झाले.

गेल्या वर्षी ते दोघं मुलीकडे राहायला गेले. तिच्या स्टुडिओत काका काय काय ठोकून बघत असतात आणि ती ते टिपून घेते, असं काकू सांगतात. आमचा पहिला रविवार अजून चालू आहे. मोजणी आता पाध्येबाई करतात आणि शेवटच्या नावापर्यंत कुणालाही उठू देत नाहीत.

काकांच्या घराची किल्ली माझ्याकडे असते. आठवड्यातून एकदा जाऊन मी खिडक्या उघडतो. परवा तिथे असतानाच काकांचा फोन आला.

"दाराला तेल नाही ना घातलंत?"

"नाही हो."

"वाजवा बघू."

मी फोन बिजागरीजवळ धरला आणि कोठीचं दार हळूच ढकललं. ते करकरलं, मध्येच थांबलं, पुन्हा करकरलं. भर दुपारी मी त्या रिकाम्या घरात फोन तसाच धरून उभा राहिलो.

"हां," काका म्हणाले. "पुन्हा एकदा."