यशोदा हिलमच्या गाडीतून काय काढलं?

यशोदा हिलम यांच्यावर अन्याय झाला तो यंदाच्या शिमग्यानंतरच्या पहिल्या सोमवारी, दुपारी, रोह्याच्या एका गॅरेजात. मी ज्या संघटनेत आहे तिच्या पत्रकात आम्ही आधी नाव लिहितो, मग वेळ, मग काय झालं ते. इथेही तसंच लिहिते. पण हे पत्रक नाही. ही माझ्या कामावरची गोष्ट आहे.

त्या दुपारी यशोदामावशींच्या जुन्या व्हॅनमधलं फ्युएल इंजेक्शन काढून तिथे कार्बोरेटर बसवला गेला. गॅरेजच्या शेठने त्यांना सांगितलं, "गाडीचा कॉम्प्युटर गेला. नवा कुठे मिळत नाही. कार्बोरेटर टाकतो, विषय संपला." मावशींनी मान डोलावली. काढलेलं सामान गॅरेजातच राहिलं आणि त्या गाडी घेऊन घरी गेल्या.

मी पेणला रामवाडीत अन्वरभाईंच्या गॅरेजात काम करते. आयटीआय, मोटर मेकॅनिक. ती व्हॅन माझ्यासमोर आली ती ढकलत. मावशींचा नवरा गोविंद खिडकीतून हात घालून स्टेअरिंग धरत होता, मावशी आणि वाडीतल्या दोन बायका मागून ढकलत होत्या. गाडी आमच्या दारात थांबायच्या आधी पेट्रोलचा वास आत आला. मी पहिलं सांगितलं, विडी असेल त्याने लांब जा. गोविंदने कानावरची विडी काढली आणि तो रस्त्यापलीकडे जाऊन उभा राहिला.

"काय होतंय गाडीला?" मी विचारलं.

"गाडीचं ऱ्हाऊ दे गो बाय," मावशी म्हणाल्या. "माझ्या चिंबोऱ्यांचं बघ."

त्यांनी टोपलीवरचं ओलं गोणपाट उचललं. नांग्या बांधलेली एक चिंबोरी, म्हणजे खाडीतला मोठा खेकडा, माझ्या नाकाशी धरली. चिंबोरी जिवंत होती आणि तिला पेट्रोलचा वास येत होता.

"बाजारात बाया उचलतात, हुंगतात नि परत ठेवतात. काल एक म्हणाली, मावशी, हिचं कालवण करू का हिला स्कूटरमदी घालू?"

मावशींची वाडी निडीजवळ आहे. वाडीतली माणसं खाडीत उतरून चिंबोऱ्या पकडतात, मावशी त्या पेणच्या बाजारात विकतात. चिंबोरी जिवंत पोचली तरच विकली जाते. निडीला रेल्वे स्टेशन आहे, पण गाडीची वेळ आणि बाजाराची वेळ जुळत नाही. म्हणून ही व्हॅन. ती बंद पडली तर मावशींचा धंदा बंद. आणि ती चालू असूनही धंदा बंद पडायला आला होता.

या डबा व्हॅनचं इंजिन पुढच्या सीटखाली असतं. मी सीट उचलली. खाली सगळं ओलं.

इथे थोडं समजावून सांगते. इंजेक्शनच्या गाडीत एक छोटा कॉम्प्युटर असतो, त्याला आम्ही ईसीएम म्हणतो. हवा किती येतेय, इंजिन किती तापलंय, हे सेन्सर त्याला कळवतात आणि पेट्रोल किती उडवायचं हे तो इंजेक्टरला सांगतो. त्यासाठी टाकीतला इलेक्ट्रिक पंप जोरात प्रेशर देतो. कार्बोरेटर ही त्याआधीची पद्धत. त्यात कॉम्प्युटर नाही. एका वाटीत पेट्रोल साठतं, इंजिन हवा ओढतं, हवेबरोबर पेट्रोल ओढलं जातं. वाटी भरली की एक बारीक सुई पेट्रोलची वाट बंद करते. त्या सुईला प्रेशर सोसत नाही.

रोह्याला कार्बोरेटर बसवला, पण पंप इंजेक्शनचाच ठेवला. मध्ये टी-जॉइंट टाकला, म्हणजे जास्तीचं पेट्रोल रिटर्न पाइपने टाकीत परत जावं. असा जुगाड चालतो, रिटर्न पाइप मोकळा असेपर्यंत. इथे सीट परत बसवताना तो पाइप पट्टीखाली दाबला गेला होता. पेट्रोलला परत जायला वाट नाही. ते सुईला ढकलून वाटीतून बाहेर पडत होतं, तापलेल्या इंजिनवर. मावशी बसतात त्या जागेच्या बरोबर खाली.

मी हे सांगितलं तेव्हा गोविंद रस्ता ओलांडून परत आला.

"म्हंजे पेटली असती?"

"व्हय."

"कवा?"

"कवाही."

मावशींनी सीटचा फोम बोटाने दाबून हुंगला. मग म्हणाल्या, "नि हा मला रोज सांगतो, तू लय जड झालीस म्हणून गाडी चढ चढत नाय."

अन्वरभाईंनी वाकून एकदा बघितलं. "कमी प्रेशरचा पंप टाक, पाइप बदल, दे सोडून."

"भाई, कॉम्प्युटर खरंच गेला होता का?"

"त्याने स्कॅनर लावला असेल ना."

"लावला असेल. अर्थिंगची वायर तपासली असेल का?"

"रेश्मा, तुला गाडी करायचीय की पत्रक छापायचंय?"

"गाडी."

"मग गाडी कर."

मी गाडीच केली. ईसीएमच्या वायरिंगचं सॉकेट टेप गुंडाळून तसंच लोंबकळत ठेवलेलं होतं. वायरी कापलेल्या नव्हत्या, ते एक बरं. त्यातली अर्थिंगची वायर धरून मी मागे मागे गेले. अर्थिंग म्हणजे करंट परत जायची वाट. ही वायर एका बोल्टने गाडीच्या पत्र्याला जोडलेली असते. तो बोल्ट मॅटखाली सापडला. मॅट उचलली तर खाली पांढरं मीठ धरलेलं आणि बोल्ट हिरवा-तांबडा पडून त्याचा भुगा व्हायला आलेला. मीटर लावला. वाट बंद.

टोपल्यांचं खारं पाणी रोज तिथेच ठिबकत होतं.

अर्थिंग तुटलं की ईसीएम झोपतो. स्कॅनर लावला तर 'कम्युनिकेशन नाही' असं येतं. ईसीएम मेला असला तरी तेच येतं. म्हणून मीटर लावल्याशिवाय ईसीएम मेला असं म्हणायचं नसतं. हे पहिल्याच वर्षाला शिकवतात. अर्थात, अर्थिंग खराब होतं म्हणून ईसीएम चांगला होता असंही म्हणता येत नव्हतं. तो हातात आल्याशिवाय काहीच बोलण्यात अर्थ नव्हता.

"म्हंजे माझ्या चिंबोऱ्यांनीच गाडी मारली?" मावशी म्हणाल्या.

"चिंबोऱ्यांच्या पाण्याने."

"पाण्याबिगर चिंबोरी जगती का?"

"नाही."

"मग?"

मी विचारलं, जुना कॉम्प्युटर कुठे आहे.

"शेठकडं. बोलला, भंगार हाय, नेऊन काय करशील. मी बोलले, ऱ्हाऊ दे."

आपल्याकडे हे सगळे करतात. पेणला, रोह्याला, कुठेही बघा. गाडी दुरुस्त झाली की माणूस चावी घेतो आणि निघतो. काढलेला पार्ट मागणं म्हणजे मेकॅनिकवर संशय घेणं, असं लोकांना वाटतं. मेकॅनिकलाही तसंच वाटतं. मग तो पार्ट माळ्यावर जातो आणि माळ्यावरून पुढे कुठे जातो हे कोणी विचारत नाही.

मी मावशींसमोर दोन्ही रस्ते ठेवले. कार्बोरेटर नीट करून देता येईल. पण गाडीच्या कागदावर एक आणि सीटखाली दुसरंच, तेही आरटीओला न विचारता. उद्या पीयूसीला अडली किंवा कोणी पकडली तर उत्तर मावशींनी द्यायचं. शेठला कोणी विचारणार नाही. कधी कधी ईसीएम खरंच जातो, कंपनीने तो बनवणं बंद केलेलं असतं आणि गरिबाला कार्बोरेटरशिवाय मार्ग उरत नाही. तो राग कंपनीवर काढायचा, मेकॅनिकवर नाही. पण इथे तसं होतं की नाही, हे आधी बघायला हवं होतं.

मावशींनी एकच विचारलं. "कशाचा वास येनार नाय?"

"इंजेक्शनचा. नीट बसवलं तर."

"मग तेच पायजे."

अन्वरभाई आधी यायला तयार नव्हते. एकाच धंद्यातली माणसं, रोज फोन, भांडण कशाला. मग जीपची चावी घेतली. "तू एकटी गेलीस तर मारामारी होईल," म्हणाले.

रोह्याच्या शेठने चहा मागवला. गॅरेज मोठं, दोन गिऱ्हाइकं बाकावर बसलेली. मावशी एका टायरवर टेकल्या.

"मावशींच्या व्हॅनचं काढलेलं सामान द्या," मी म्हटलं. "ईसीएम, इंजेक्टर, थ्रॉटल बॉडी, मॅनिफोल्ड."

"ते भंगारात गेलं. किती दिवस सांभाळू?"

अन्वरभाई चहा फुंकत म्हणाले, "मॅनिफोल्ड तर तुमच्या डोक्यावर फळीवर दिसतोय."

शेठने वर बघितलं नाही. "तो असेल. ईसीएम नाही. त्याला गिऱ्हाईक लागलंय."

"गेलेल्या ईसीएमला?" मी विचारलं.

"तू कोण गो विचारणारी? पेणला पाने पुसायचे आणि इथे येऊन वकिली करायची?"

माझ्या तोंडात एक मोठं भाषण तयार होतं. ते बाहेर यायच्या आत मावशी बोलल्या.

"शेठ, मी तुमाला मेलेली चिंबोरी जिती म्हणून दिली तर तुमी काय करशाल?"

"त्याचा इथे काय संबंध?"

"सांगा तर खरं."

"तोंडावर फेकीन."

"नि मी तुमच्याकडली जिती चिंबोरी, मेली मेली म्हणून ठेवून घेतली नि दुसऱ्याला जिती म्हणून विकली, तर?"

बाकावरचा एक जण इतका वेळ मोबाइल बघत होता. त्याने मान वर केली. "शेठ, माझा जुना स्टार्टर कुठे आहे हो?"

शेठ उठून आत गेला. आत ड्रॉवर उघडल्याचा आवाज आला. बाहेर आला तो ईसीएम घेऊन. टेबलावर ठेवला. त्यावर मार्करने मोठ्या अक्षरात 'ओके' लिहिलेलं होतं.

आम्ही तिघांनी ते वाचलं. म्हणजे मी आणि अन्वरभाईंनी वाचलं आणि मावशींना सांगितलं.

"दुसऱ्या गाडीला लावून बघितला तेव्हा कळलं, चांगला आहे," शेठ म्हणाला. "आधी मला काय माहीत?"

"कळल्यावर फोन का नाही केलात?"

"नंबर नव्हता."

"नंबर नाय?" मावशी म्हणाल्या. "परवा तुमच्या घरनं फोन आलता की. बारक्या नको, मोठ्या चिंबोऱ्या आण म्हणून."

दुसरं गिऱ्हाईक हसलं. शेठने फळीवरचं बाकीचं सामान स्वतः उतरवून दिलं. माफी मागितली नाही. आम्हीही थांबलो नाही.

सगळं परत बसवायला वेळ लागला. एका इंजेक्टरचा क्लिप तुटला होता, तो दुसऱ्या गाडीचा शोधावा लागला. अर्थिंगची वायर मी तिथून उचलून वर, कोरड्या जागी, नव्या बोल्टला नेली. अन्वरभाईंनी टोपल्यांखाली पत्र्याचा ट्रे वेल्डिंग करून दिला, त्याला तळाला नळी. पाणी नळीतून रस्त्यावर जातं. 'मग?' या प्रश्नाचं उत्तर ते होतं. ते मला सुचलं नव्हतं. ईसीएमला सॉकेट लावलं, स्टार्टर मारला, इंजिन थोडं खोकलं आणि चालू झालं. काढलेला कार्बोरेटर मी पिशवीत घालून मावशींच्या मांडीवर ठेवला.

"ह्याचं काय करू?"

"काहीही करा. तुमचा आहे."

पेट्रोलचा वास लगेच गेला नाही. सीटचा फोम फेकावा लागला, टोपल्या नव्या विणाव्या लागल्या. बाजारातली बरीच गिऱ्हाइकं परतली. रामवाडीजवळचा एक खानावळवाला परतला नाही, तो अजून दुसरीकडून घेतो. शेठचं गॅरेज जोरात चालू आहे. त्याच्या घरून अजून फोन येतो आणि मावशी चिंबोऱ्या देतात. जित्या.

रोह्याहून परत येताना नागोठण्याजवळ अन्वरभाईंनी जीप हळू केली. मग म्हणाले, "आपल्या माळ्यावर पण बरंच पडलंय."

"माहीत आहे."

"कुणाचं काय, आता ओळखणार कसं?"

आम्ही माळा उतरवून बघितला. बहुतेक ओळखता आलं नाही. ज्यांचं ओळखलं त्यांना फोन केले. निम्म्या लोकांना वाटलं, आम्ही काहीतरी विकायला फोन केलाय. आता आमच्याकडे काढलेला पार्ट पिशवीत घालून गाडीत ठेवतो. काही गिऱ्हाइकं ती पिशवी आमच्याच दारात टाकून जातात. अन्वरभाई माझ्याकडे बघतात. मी पिशवी उचलून त्यांच्या मागे धावते.

यातून मी एवढंच शिकले की पार्ट मेला की जिवंत, हे तो ज्याच्या हातात असतो तो ठरवतो. तो तुमच्या हातात असला पाहिजे.

म्हणून हे वाचणाऱ्या तुम्हाला सांगते, विनंती नाही करत. गाडी असो, स्कूटर असो, पाण्याचा पंप असो. पार्ट बदलला असं कोणी म्हटलं की चावी हातात घ्यायच्या आधी जुना पार्ट मागा. त्याला राग आला तरी मागा. भंगार आहे म्हणाला तर भंगार मागा. रामवाडीला माझ्याकडे आलात तर माझ्याकडेही मागा, आणि मी द्यायला विसरले तर पैसे देऊ नका.