कॅमेरामन जेवत नाही तोवर

मी सिनेमे कापते. सहा महिने मुंबईत, सहा महिने बर्लिनला. गावात मात्र ‘पोरगी फॉरेनला कापाकापी करते’ एवढीच ख्याती, त्यामुळे दोन म्हाताऱ्यांनी मला आपले गुडघेही दाखवलेत.

एडिटिंगचा धंदा शिकले जळगावात, लग्नाचे व्हिडिओ जोडणाऱ्या स्टुडिओत. मालकाचा नियम एकच: मांडवातला एकही माणूस कापायचा नाही. एकदा मी जांभई देणारे नवरदेवाचे फुवा, म्हणजे आत्याचे यजमान, उडवले, तर फुवा धुळ्याहून एसटीने येऊन स्टुडिओच्या पायरीवर बसले. जांभईसकट परत घातले तेव्हाच उठले.

बर्लिनला नियम उलटा. जो कॅमेऱ्याकडे बघेल, तो गेला. मला ते पटलंही होतं, अगदी आबांची पाळी येईपर्यंत.

आबा म्हणजे माझे वडील. एका जर्मन दिग्दर्शिकेला कापसाच्या शेतकऱ्यांवर माहितीपट करायचा होता, आणि मीच तिला पारोळ्याजवळचं आमचं शेत सुचवलं. शेवटचा प्रसंग भरीत पार्टीचा. पऱ्हाटीच्या, म्हणजे कापसाच्या वाळल्या काड्यांच्या, जाळावर वांगी भाजायची, ठेचायची आणि ज्वारी-उडदाच्या कळण्याच्या भाकरीबरोबर सगळ्यांनी शेतातच जेवायचं. आबांनी त्यासाठी नवा सदरा शिवला. आपण सिनेमात येणार, हे गावभर सांगूनही झालं.

फुटेज बर्लिनला आलं आणि मी कपाळाला हात लावला. अकरा टेक, आणि अकराही वेळा आबा घास हातात धरून थेट कॅमेऱ्यात बघतायत. "ये ना भो, तू बी जेवाले बस." दुभाष्या काकुळतीला येऊन सांगतोय, की कॅमेरामन इथे नाहीच असं समजा. आबा म्हणतात, "नही कसा? हाऊ तं उभा शे! पाव्हना उभा नि मी जेवू?"

शेतातल्या बाकीच्या प्रसंगांतही आबा कॅमेऱ्याशीच बोलत होते. दिग्दर्शिका म्हणाली, हे सगळं काढ. तिचं बरोबरच होतं. मी काढलं. आणि मग दोन दिवस कुणी साधं बोललं तरी अंगावर धावून जात होते. अहो, सख्ख्या बापाला कापलं होतं मी! तो नवा सदरा, ते गावभर सांगणं... आता कोणत्या तोंडाने गावात जाणार होते?

तिसऱ्या दिवशी अकराव्या टेकचं शेपूट पाहिलं, जे सहसा कुणी बघत नाही. कॅमेरामनने शेवटी हात टेकले होते. चालू कॅमेरा तसाच ढेकळांवर ठेवून तो मांडी घालून बसला. चौकटीत आबांचं तोंड नाही. फक्त त्याच्या ताटात भरीत वाढणारा त्यांचा हात आणि त्याचं गोरं ढोपर. तो नको नको म्हणतोय, हात वाढतोच आहे.

त्या शॉटसाठी मी कडकडून भांडले. दिग्दर्शिका आधी नाही म्हणाली. पुन्हा एकदा पाहिला, आणि म्हणाली, सिनेमा इथेच संपव.

यंदा गावात मारुतीच्या देवळासमोर पडदा लावून तो दाखवला. आबा पुढच्या खुर्चीत, अंगात तोच सदरा. सिनेमा सरकत गेला तशी माणसं मागे वळून माझ्याकडे बघायला लागली. आबा कुठायत? शेवटी तो हात आला, भरीत वाढून झालं आणि सिनेमा संपला.

तुमचा चेहरा घेता आला नाही, असं मी आबांना कसंबसं सांगितलं.

"जाऊ दे वं," आबा म्हणाले. "पाव्हना जेवी गया, हाई दिखनं ना सगळासले?"