एफ ४१.१, माझ्या नावासमोर

डॉक्टरांनी कागदावर 'अशक्तपणा' असं लिहिलं आणि मी तो कागद त्यांच्याकडे परत सरकवला.

"साहेब, हे मला झालेलं नाही."

त्यांच्या त्या खोलीपर्यंत पोचायला मला दीड वर्ष लागलं होतं. मी मेडिकल कोडर आहे. अमेरिकेतल्या दवाखान्यांचे चार्ट सुरतेत आमच्या ऑफिसात कॉम्प्युटरवर येतात. तिथल्या डॉक्टरने पेशंटबद्दल जे लिहिलं असेल ते वाचायचं आणि प्रत्येक आजाराला त्याचा ठरलेला कोड लावायचा, हे माझं काम. कशाचीही आणि सतत चिंता लागून राहण्याचा जो आजार आहे, त्याचा कोड एफ ४१.१. आमच्या धंद्यात एक नियम पक्का आहे: कोडरने निदान करायचं नाही. डॉक्टरने 'असू शकेल' असं लिहिलं असेल तर आजार धरायचा नाही, नुसती लक्षणं भरायची.

मीही दीड वर्ष स्वतःची नुसती लक्षणं भरत होते. बाबा शहराबाहेरच्या सचिन नावाच्या गावात, कापड रंगवायच्या डाइंग मिलमध्ये कामाला. दुपारी त्यांनी फोन उचलला नाही की माझ्या डोक्यात बॉयलर फुटायचा. घराजवळच्या पर्वत पाटियाच्या नाक्यावर रिक्षात बसले की गॅस चालू राहिला असं वाटायचं; उतरायचं, घरी जायचं, तीन जिने चढायचे, बंद बटण बघायचं आणि पुन्हा खाली. जबडा इतका आवळलेला असायचा की भाकरी चावताना दुखायचा. आमच्या गल्लीतल्या डॉक्टरने ॲसिडिटीच्या गोळ्या दिल्या. "टेन्शन मत लो," म्हणाला. जणू मी ते बाजारातून पिशवी भरून आणत होते.

मग एके दिवशी एका बाईचा चार्ट समोर आला. ती कोण, कुठली, हे मला माहीत नाही आणि माहीत असतं तरी सांगितलं नसतं. तिच्या डॉक्टरने सविस्तर लिहिलं होतं: सहा महिन्यांच्या वर, जवळजवळ रोज चिंता, कामाची, घराची, कुलपाची, अंग आखडलेलं, झोप तुटक, चिडचिड. खाली निदान स्पष्ट. मी कोड भरला आणि पुढच्या चार्टवर मला जाववेना. परत वाचलं. तिसऱ्यांदा वाचताना वाटलं, हे तर माझंच लिहिलंय. तिला हक्काचं नाव मिळालं होतं. मला ॲसिडिटी.

त्याच आठवड्यात मी मनोविकारांच्या डॉक्टरकडे गेले. एकटीच. वयस्कर गुजराती गृहस्थ. घाई न करता त्यांनी सगळं विचारलं, रक्ताच्या तपासण्या बघितल्या, दुसऱ्या भेटीत आजाराचं नाव सांगितलं, गोळी समजावली, दर गुरुवारी समुपदेशनाला यायला सांगितलं. मी गुरुवारच्या रजेसाठी ऑफिसला द्यायला कागद मागितला तेव्हा मात्र ते थबकले.

"लग्न झालंय?"

"नाही."

आणि त्यांनी 'अशक्तपणा' लिहिलं. "बेटा, कागळ बधे फरे छे," म्हणाले. कागद सगळीकडे फिरतो. त्यांच्या मनात काळजीच होती, हे मला कळत होतं. तरी मला राग आला.

"साहेब, अशक्तपणाचा कोड वेगळा आहे. मी रोज हेच काम करते. तुम्ही लिहिलेलं खरं मानून कोणीतरी माझ्या नावासमोर तो कोड भरणार, आणि माझा आजार कुठेच नसणार. फिरू दे कागद. खरा फिरू दे."

त्यांनी चष्मा काढून पुसला. मग नवा कागद घेतला आणि पूर्ण नाव लिहिलं, खाली कोडही. "बराबर?" म्हणाले. मी स्पेलिंग तपासलं. सवयच तशी.

घरी आईने कागद दोन्ही बाजूंनी पाहिला. तिला इंग्रजी वाचता येत नाही, मी सांगितलं. ती साड्यांना टिकल्या चिकटवत बसली होती, बोटांना गोंद. "तुले काय कमी शे?" ती तिच्या अहिराणीत म्हणाली. "हाऊ कागद कोनले दखाडू नको."

"दाखवणार आहे, आई. ऑफिसात तर द्यायचाच आहे."

तिने हातातली साडी पूर्ण केली, घडी घातली. मग खाली मान घालूनच म्हणाली, "मालेबी असंच व्हस." तिलाही होतं, आणि इतकी वर्षं एका घरात राहून हे मला माहीत नव्हतं. पुढच्या गुरुवारी ती माझ्यासोबत आली. डॉक्टरांनी विचारायच्या आधीच तिने सांगायला सुरुवात केली, गावाकडून इथे आली तेव्हापासूनचं.

ऑफिसातलं प्रकरण एवढं सरळ गेलं नाही. मॅनेजरने कागद वाचला, दार लोटून घेतलं आणि हळू आवाजात म्हणाला, "व्हायरल फीवर लिहून दे ना. कशाला हे?"

"दर गुरुवारी व्हायरल?"

गुरुवारची अर्धी रजा मिळाली. पण सोमवारी पाहते तर माझे मानसिक आजारांचे सगळे चार्ट दुसऱ्याकडे, आणि माझ्याकडे डोळ्यांचे. मोतीबिंदू, डावा, उजवा.

"तुझ्या भल्यासाठी केलं," मॅनेजर म्हणाला. "ते वाचून तुला त्रास होईल."

"माझ्या कामात चूक निघाली का?"

"तसं नाही."

"तुम्हाला शुगर आहे. तुम्ही रोज डायबिटीसचे चार्ट तपासता. तुम्हाला कोणी हटवलं?"

मी हेच सगळं लेखी दिलं, आजाराच्या नावासकट, आणि दोन महिने मोतीबिंदू भरत राहिले. एकही चूक काढू दिली नाही. तिकडे माझ्या जागी आलेला मुलगा डॉक्टरने पूर्ण नाव लिहिलेलं असतानाही 'चिंता, प्रकार अनिर्दिष्ट' असा मोघम कोड ठोकत होता. तपासणीतून ढीगच्या ढीग परत यायला लागले. मग एका सकाळी माझे चार्ट माझ्या स्क्रीनवर पुन्हा दिसले. माफी कोणी मागितली नाही. मीही वाट पाहिली नाही. बसले आणि पहिला उघडला.

चिंता गेलेली नाही. बाबांचा फोन लागला नाही की अजून छातीत धस्स होतं. फक्त आता मी दहादा लावत नाही. गोळी चालू आहे, गुरुवार चालू आहेत.

यंदा नव्या मुलींना शिकवायचं काम माझ्याकडे आलं. हा कोड शिकवत होते तेव्हा मागच्या बाकावरच्या मुलीने विचारलं, "मॅडम, हे खरंच काही असतं, की लोक उगाच रजा काढायला सांगतात?" दोघीतिघी हसल्या.

"असतं," मी म्हटलं. "मला आहे. रजाही काढते."

ती मुलगी लाल झाली. मी तिला पुढचा चार्ट मोठ्याने वाचायला सांगितला.