मागच्या सालचा बोजारा

तान्ह्या पोळ्याला आमच्या गल्लीतली पोरं सगळी दारं हिंडून झाल्यावर मगच सुभद्राकाकूंच्या चक्कीसमोर रांग लावत. बाकीच्या दारांवर बोजारा नुसता मिळायचा, काकूंच्या दारावर तो मिळवावा लागे.

पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी आमच्या वर्ध्या-नागपूरकडे पोरांचा पोळा असतो. चाकं लावलेला लाकडी बैल दोरीने ओढत घरोघर न्यायचा, घरच्या बाईने बैलाला कुंकू लावायचं आणि पोराच्या हातावर पैसे ठेवायचे. तो बोजारा. मी शाळेत होते तेव्हा पुलगावात बोजाऱ्याचा चालू भाव चार आणे होता, फार झालं तर आठ आणे. काकू रोख दोन रुपये देत. पण त्याआधी कमरेवर हात ठेवून, भुवयांवर साचलेल्या पिठासकट त्या प्रत्येकाला एकच प्रश्न विचारत.

"मागच्या सालचा बोजारा कुठी गेला?"

काकूंची पिठाची चक्की होती. काका गेल्यावर त्यांनी ती एकटीने चालवली. वीस वर्षं त्या पट्ट्याच्या खडखडाटात उभं राहून त्यांचे कान निम्मे गेले होते आणि आवाज दुप्पट झाला होता. सणाच्या दिवशीही चक्की सुरूच असे, कारण आमच्या गल्लीत पुरणपोळी करायची आठवण बायकांना नेहमी उशिराच व्हायची. त्यामुळे काकूंचा प्रश्न साऱ्या गल्लीला ऐकू जाई आणि आमचं उत्तरही ओरडूनच द्यावं लागे. मागे आया उभ्या असत. कोणाच्या कार्ट्याने पैशाचं काय केलं, हे वर्षातून एकदा असं जाहीर होत असे.

बरं, काकूंना उत्तर कोणतंही चाले. 'ठेवला' म्हटलं तरी दोन रुपये, 'हारवला' म्हटलं तरी दोन रुपये. 'खाल्ला' म्हटलं तर मात्र पुढचा प्रश्न असे.

"काय खाल्लं? चव कशी होती?"

"बर्फाचा गोला, काकू! गोड होता!"

"आठोते ना चव? मंग वाया नाई गेला. हे घे."

फक्त 'मले माहीत नाई' हे उत्तर चालत नसे. त्याला मूठभर फुटाणे मिळत आणि वर ऐकून घ्यावं लागे, "पैशाले पाय असते बाप्पा, पण डोये नसते. डोये आपले लावा लागते." खोटं बोलणारा काकूंना कसा कळायचा हे मला अजून कळलेलं नाही. त्याला फुटाणेही मिळत नसत.

या एका प्रश्नाच्या धास्तीने आम्ही वर्षभर पैशांवर डोळा ठेवून असायचो. माझा भाऊ वहीच्या शेवटच्या पानावर लिहून ठेवायचा. शाळेतल्या अभ्यासाचं त्याने कधी इतकं मनावर घेतलं नाही.

काकूंचा दुसरा उद्योग याहून वाईट होता. दळण घ्यायला गेलेल्या पोराला त्या अधूनमधून मुद्दाम चुकीची चिल्लर देत. मोजून 'काकू, चार आणे कमी आहेत' म्हटलं की शाबासकी. जास्त दिलेले परत केले की गुळाचा खडा. आणि न मोजता खिशात घातले तर काकू काही बोलत नसत. कमी दिलेले पैसे त्या फळीवरच्या एका पत्र्याच्या डब्यात टाकत आणि दिवाळीला ज्याचे त्याला परत करत. "घे, हे तुह्या झोपेचे पैसे." एका दिवाळीला माझे झोपेचे पैसे सव्वातीन रुपये निघाले. आई म्हणाली, एवढं झोपलं तर माणूस अंथरुणालाच चिकटतं.

मी सहावीत असतानाची गोष्ट. आठवडी बाजारात एक माणूस चिठ्ठ्यांचा पुठ्ठा घेऊन बसायला लागला. पुठ्ठ्यावर घडी घातलेल्या चिठ्ठ्या चिकटवलेल्या, आठ आण्याला एक फाडायची, आत लिहिलं असेल ते बक्षीस. आणि पुठ्ठ्याच्या वर, प्लास्टिकच्या पिशवीत, एक गुलाबी पट्ट्याचं घड्याळ. मी त्या घड्याळाच्या पायी पार येडी झाले. आधी वर्षभर जपलेला बोजारा गेला, अकरा रुपये. मग आईने दळणासाठी दिलेले पाच रुपये गेले आणि मी काकूंना सांगितलं, "माय म्हणे पैसे पुढच्या बारीले देतो." काकू "बरं" म्हणाल्या. पुढच्या वेळचेही पाच गेले. काकू परत "बरं" म्हणाल्या, पण या वेळी त्यांनी माझ्याकडे जरा जास्त वेळ पाहिलं. एकवीस रुपयांत मला चार शिट्ट्या, दोन अंगठ्या आणि पुष्कळसे 'पुन्हा प्रयत्न करा' मिळाले.

आणि मग तान्हा पोळा आला.

त्या दिवशी मी रांगेत उभी होते. खोटं बोलले तर काकू ओळखणार. खरं बोलले तर गल्लीला कळणार, आणि आई तर बरोबर माझ्या मागेच उभी. दळणाच्या पैशाचं तिला काहीच माहीत नव्हतं. मी बैलाची दोरी हाताला इतकी गुंडाळली की बोटं पांढरी पडली.

"मंदे, मागच्या सालचा बोजारा कुठी गेला?"

मी वळून आईकडे पाहिलं. काकूंनीही आईकडे पाहिलं. मग मागे वळून त्यांनी चक्कीचा खटका ओढला. दळण अर्धं असताना काकूंनी चक्की बंद केलेली कोणीच कधी पाहिली नव्हती. ज्यांचं दळण वर टोपल्यात होतं त्या बाई "अवं सुभद्रे" म्हणून पुढे आल्या. काकूंनी त्यांना हाताने थांबवलं, खाली वाकल्या आणि पिठाने भरलेला कान माझ्या तोंडाशी आणला.

"कानात सांग."

मी सगळं सांगितलं. दळणाचे दहा रुपयेही सांगितले. काकू सरळ झाल्या, माझ्या हातावर दोन रुपये ठेवले आणि त्यांच्या मानाने हळू आवाजात म्हणाल्या, "दयनाचं तुह्या मायले तूच सांगजो. आजच्या आज. मी सांगणार नाई." मग चक्की सुरू केली आणि पुढच्या पोराकडे वळल्या.

मी घरी जाऊन आईला सांगितलं. दोन थपडा बसल्या. त्यांचं एवढं वाटलं नाही, कारण कानात सांगून झाल्यावरच मला निम्मं हलकं वाटायला लागलं होतं.

पुढच्या बाजाराच्या दिवशी काकू मला सोबत घेऊन त्या पुठ्ठेवाल्यासमोर जाऊन उभ्या राहिल्या.

"कोरा पुठ्ठा हाये का? साऱ्या चिठ्ठ्या पाह्यजे. थोकात काय भाव देशीन?"

तो माणूस चपापला. "असा पूर्ण नाही विकत, बाई. एकेक फाडायची."

"काऊन? इकाचं नाई तं मांडलं काऊन? का घड्याय जाईन म्हून भेव लागते?"

भोवती माणसं जमायला लागली तसा तो नरमला. साठ चिठ्ठ्यांचे तीस रुपये होत होते, काकूंनी पंचवीसला तोडले. पुठ्ठा डोक्यावर घेऊन त्या गल्लीत आल्या, सगळ्या पोरांना ओट्यावर बसवलं आणि म्हणाल्या, "फाडा." आम्ही साठच्या साठ फाडल्या. शिट्ट्या निघाल्या, फुगे निघाले, लिमलेटच्या गोळ्या निघाल्या. घड्याळ निघालं नाही. एका पोराने पुठ्ठा उलटा करूनसुद्धा पाहिला.

"घड्यायाची चिठ्ठी पुठ्ठ्यावर नोतीच," काकू म्हणाल्या. "त्याच्या खिशात होती. पयले सांगतलं असतं तं तुमाले पटलं असतं का? आता पंचवीस रुपये फी गेली समजा माही." हे सगळं कोणाच्या पायी चाललंय हे काकूंनी गल्लीत कोणालाच सांगितलं नाही. त्या संध्याकाळी मात्र इतक्या शिट्ट्या वाजल्या की काकूंनाही त्रास झाला.

मी दहावी झाले तेव्हा मला एका दुकानातला पंजाबी ड्रेस हवा होता. आई नाही म्हणाली. काकूंनी मला उन्हाळाभर चक्कीवर ठेवून घेतलं, दळलेल्या डब्यामागे एक रुपया मजुरी. "ड्रेस केवढ्याले? एकशेचाळीसले? म्हणजे एकशेचाळीस डबे. घाल हिशोब." साठाव्या डब्याला माझे खांदे बोलायला लागले. मी पुन्हा दुकानात जाऊन तो ड्रेस पाहिला, तेव्हा तो मला काही एकशेचाळीस डब्यांचा वाटला नाही. शेवटी सत्तर डब्यांचं कापड घेतलं आणि आईने शिवून दिलं. अजूनही काही महाग घ्यायची वेळ आली की मी मनात त्याचे डबे करते. नवऱ्याला ही भाषा कळायला बरेच दिवस लागले.

लग्न झालं, मला वर्ध्याला पोस्टात नोकरी लागली. एक दिवस माझ्या काउंटरवर काकू उभ्या. डोक्यावर पदर, हातात घडी घातलेली एक पावती. केस आता पिठाशिवायही पांढरे झाले होते.

"मंदे, हे पाह्य बरं," त्या माझ्या कानाशी येऊन म्हणाल्या. काकूंना कुजबुजता येत नसे. रांगेतला शेवटचा माणूस वळून पाहायला लागला.

पुलगावात कोणीतरी बाहेरून येऊन काचेच्या दरवाजाचं ऑफिस थाटलं होतं. तीन वर्षांत दामदुप्पट. काकूंनी चक्कीच्या नव्या मोटारीसाठी साठवलेले वीस हजार तिथे भरले होते. आता दरवाजाला कुलूप होतं. मी पावती उलटसुलट पाहिली. तिच्यावर धड पत्तासुद्धा नव्हता. माझ्या तोंडाकडे पाहूनच काकू समजल्या. पावतीची घडी घालून त्यांनी कमरेला खोचली.

"तक्रार करू या, काकू," मी म्हटलं.

"करू. पण गल्लीत बोलू नोको वं. एवढे वर्षं पोट्ट्यायले शिकोलं मी. हासतीन मले."

आम्ही तक्रार केली. त्यातून काही निघालं नाही. मी गल्लीत कोणाला बोलले नाही, आईलाही नाही.

त्या वर्षी पोळ्याला मी माझ्या पाच वर्षांच्या सईला घेऊन माहेरी गेले. वाटलं होतं, काकू यंदा दार लावून बसतील. पण रांग लागली होती, चक्की सुरू होती, आणि आवाज तोच.

"मागच्या सालचा बोजारा कुठी गेला?"

"खाल्ला, आजी! कुल्फी! गुलाबी होती!" सई ओरडली. मागच्या वर्षीपासून तिने हे उत्तर पाठ करून ठेवलं होतं.

"शाब्बास. हे घे."

सईने पैसे घेतले, पण ती हलेना. मान वर करून तिने विचारलं, "आजी, तुमचे पैसे कुठी गेले?"

तिला काहीच माहीत नव्हतं. सगळ्यांना विचारतात, मग आजींना कोणी विचारत नाही, एवढंच तिला वाटलं असेल. मी तिचा दंड धरून म्हटलं, "सई, चल." काकूंचा चेहरा पाहवेना, म्हणून मी जवळ गेले आणि म्हणाले, "काकू, कानात सांगा तिला. कानात सांगितलं तरी चालते."

काकूंनी माझ्याकडे पाहिलं. मग मागे वळून खटका ओढला. पट्टा थांबला, खडखडाट थांबला, गल्लीत एकदम शांत झालं. मला वाटलं, आता त्या वाकतील. त्या वाकल्या नाहीत. उलट ओट्याच्या कडेला येऊन ताठ उभ्या राहिल्या.

"ऐका रे पोट्टेहो! वीस हजार गेले माहे! आताच्या दयनाच्या भावानं हजार डबे! या मंदीनं लहानपनी पुठ्ठ्यावरच्या चिठ्ठ्या फाडल्या होत्या, मी या वयात काचेच्या हापिसातली फाडली! घड्याय दोघींलेही नाई भेटलं!"

सईने डोळे मोठे करून माझ्याकडे पाहिलं. एवढी वर्षं झाकून ठेवलेली माझी गोष्ट काकूंनी एका दमात गल्लीला वाटून टाकली होती. पण मला राग आला नाही. कोणी हसलं नाही. रांगेतला एक बारका पोरगा तेवढा गंभीरपणे म्हणाला, "चव कशी होती, आजी?"

"कडू, बाप्पा!" काकू म्हणाल्या. "जहर कडू! जल्मभर आठोन राहीन!"

आणि त्या स्वतःच हसायला लागल्या. मग सगळी गल्ली हसली. तेवढ्यात सई पुढे झाली. आपल्या पिशवीत हात घालून तिने दोन रुपयांचं एक नाणं शोधून काढलं आणि काकूंच्या पिठाळ तळहातावर ठेवलं.

"खरं सांगितलं ना तुम्ही. हा तुमचा बोजारा."

काकूंनी मूठ मिटली आणि पदराने तोंड पुसलं. पीठ गेलं डोळ्यात, असं त्या म्हणाल्या.

काकू जाऊनही आता बरीच वर्षं झाली. तो दिवस आठवला की त्याच्या पुढचा पोळाही आठवतो. काकूंनी ते नाणं देवघरात जपून ठेवलं असेल अशी माझी समजूत होती, आणि तसं मी सईला सांगूनही ठेवलं होतं. चक्कीसमोर पोचल्यावर सईने काकूंना प्रश्न विचारायची संधीच दिली नाही.

"आजी, मागच्या सालचा बोजारा कुठी गेला?"

"खाल्ला!" काकू साऱ्या गल्लीला ऐकू जाईल असं ओरडल्या. "आलूबोंडा खाल्ला! तर्री टाकून!"

"चव कशी होती?"

"अहाहा!"

सईने समाधानाने मान डोलावली आणि पिशवीतून दुसरं नाणं काढलं.