रॉबर्ट नावाचा माणूस

चहा घ्या आधी, कारण आता जे सांगणार आहे त्यात माझी अब्रू जाणार आहे.

माझी बायको मृणाल इथे टिलबर्ग या डच शहरात युनिव्हर्सिटीत पीएचडी करते. जुन्या माहितीपटांवर काहीतरी. काहीतरी म्हणतो, कारण तिने विषय समजावून सांगितला तेव्हा मी ऑफिसच्या मीटिंगमध्ये म्यूटवर होतो आणि नुसती मान हलवत होतो. तिथेच चुकलं.

गेल्या हिवाळ्यात घरात रॉबर्ट शिरला. म्हणजे त्याचं नाव शिरलं.

"रॉबर्ट कॅनडाचा आहे. स्वतःच शूट करतो, स्वतःच एडिट करतो," मृणाल पोळी लाटता लाटता म्हणाली. "कोळ्यांच्या बोटीवर राहून फिल्म केली त्याने. मग रेल्वेवर, मग चक्क कागदी बाहुल्यांची, मुलांसाठी. एकाच माणसाला इतकं कसं जमतं रे?"

मी गोदामातल्या खोक्यांचं सॉफ्टवेअर लिहितो. मला काय माहीत कसं जमतं?

दुसऱ्या दिवशी ती फोनवर मैत्रिणीला सांगत होती, "अगं, मी तर रॉबर्टमध्ये पार बुडालेय."

तुम्ही असता तर सरळ विचारलं असतं. मी कॅमेरा विकत घेतला. कालव्यावर जाऊन बदकं शूट केली, त्या नादात सायकलसकट चिखलात पडलो, आणि फिल्म तिला दाखवली. तिने कौतुकाने पाहिली. मग म्हणाली, "रॉबर्टने बदकांवरही केलीय. बघ एकदा."

त्या रात्री मला वरणभात गोड लागला नाही.

मग एका शनिवारी ती ठेवणीतला रेशमी कुर्ता घालून निघाली. "मास्ट्रिख्टला जातेय. आज दिवसभर रॉबर्ट!"

पुढच्या ट्रेनने मीही निघालो. हॉलचा पत्ता तिने फ्रिजवर चिकटवून ठेवला होता.

हॉलच्या दाराशी एक डच मुलगी बसली होती. "रॉबर्टसाठी आलात?" तिने हसून विचारलं.

"हो. त्याला समोरासमोर भेटायचंय."

तिचं हसू मावळलं. "सर, तुम्हाला जरा उशीर झालाय."

"म्हणजे गेला? माझी बायको त्याच्याबरोबर आहे."

"नसावी, अशी आशा करते," असं म्हणून तिने हळूच माझ्यामागच्या भिंतीकडे बोट दाखवलं.

भिंतीवर भलामोठा फोटो. हॅट घातलेला हसरा माणूस, खांद्यावर अवजड कॅमेरा. खाली जन्माचं साल आणि मृत्यूचं साल. मृत्यूचं साल माझ्या जन्माच्याही आधीचं.

मी तिथेच विरघळून फरशीत गेलो असतो तर बरं झालं असतं. तेवढ्यात मृणाल बाहेर आली. मला बघून तिचे डोळे भरून आले. "तू माझं प्रेझेंटेशन ऐकायला इतक्या लांब आलास?"

मी हो म्हणालो.

तिने मला पहिल्या रांगेत बसवलं. आपल्या प्रोफेसरबाईंना सांगितलं, की रॉबर्टमुळे आमचे हे फिल्म बनवायला लागले. बाईंनी माझा हात हातात घेऊन विचारलं, "रॉबर्टचं तुम्हाला सगळ्यात जास्त काय भिडलं?"

"त्याने आमच्या घराची शांतता घालवली," मी म्हणालो. बाईंना ते फार खोल वाटलं.

परतीच्या ट्रेनमध्ये मात्र मला राहवलं नाही. सगळं सांगून टाकलं. मृणाल इतकी हसली की समोरच्या आजोबांनी तिला पाण्याची बाटली देऊ केली.

"अरे वेड्या," डोळे पुसत ती म्हणाली, "जळायचंच होतं, तर आमच्या डिपार्टमेंटमधल्या मार्टेनवर जळायचंस. तो जिवंत आहे, देखणा आहे, आणि रोज माझ्यासाठी कॉफी आणतो."

टिलबर्ग येईपर्यंत मला रॉबर्ट फार सज्जन माणूस वाटायला लागला होता.