मावशी आणि मेथॅम्फेटामिन

डेपोत तिला सगळे मावशी म्हणायचे. साहेबसुद्धा, आणि तिच्याहून वयाने मोठा असलेला टायरवालासुद्धा. ती बस चालवायला लागली तेव्हा डेपोत दुसरी बाई नव्हती. हिला हाक काय मारायची, हा प्रश्न कुणीतरी असा सोडवून टाकला आणि तिनेही ते नातं निभावलं. कुणाच्या शर्टाचं बटण तुटलं तर तिच्या पर्समध्ये सुईदोरा असायचा, कुणाचं घरी बिनसलं तर गाऱ्हाणं तिच्याकडे यायचं. गाडी ती अशी चालवायची की उभ्याने चहा पिणाऱ्याच्या शर्टावर थेंब पडू नये.

एकच दुखणं होतं, नाक. गाडीतल्या धुळीने ते सदानकदा चोंदलेलं. पण गेल्या वर्षी तिची नणंद सुट्टीवर घरी आली. ती मोठ्या प्रवासी जहाजावर कपडे धुण्याच्या खात्यात काम करते. तिने परदेशातल्या कुठल्याशा बंदरावरून हुंगायच्या कांड्यांचं एक पुडकं आणलं. लिपस्टिकएवढी कांडी, झाकण काढायचं, नाकपुडीला लावायची, दीर्घ श्वास घ्यायचा. "वन्सं, तुम्ही मला नवं नाक दिलंत," मावशी म्हणाली, आणि तेव्हापासून कांडी तिच्या वरच्या खिशात राहायला आली. सिग्नल लाल झाला की एकदा या नाकपुडीला, एकदा त्या.

डेपोत अधूनमधून चालकांची लघवी तपासायला प्रयोगशाळेची माणसं येतात. मध्यंतरी अशीच आली. मावशीने बाटली भरून दिली, हात धुतले आणि गाडी बाहेर काढली. पुढच्या आठवड्यात साहेबांनी केबिनमध्ये बोलावलं. ती आत गेल्यावर दार लावून घेतलं.

"मावशी, बसा. तुमच्या तपासणीत एक गोष्ट सापडली आहे." साहेबांनी कागदावर बोट ठेवलं आणि चाचपडत वाचलं, "मेथ... मेथॅम्फे... मेथॅम्फेटामिन."

"मेथी?" मावशी म्हणाली. "साहेब, मी मेथीला हात लावत नाही. कडू लागते मला."

साहेब हसले नाहीत. "उत्तेजक द्रव्य आहे हे. झोप उडवणारं. लोक नशेसाठी घेतात."

"कोणते लोक?"

"ते मला काय विचारता? तुमच्यात सापडलंय."

दुसरी तपासणी होईपर्यंत गाडी बंद, असं ते म्हणाले. तिने गळ्यातलं ओळखपत्र काढून टेबलावर ठेवलं. जे केलं नाही ते नाकारता येतं, पण जे काय आहे हेच कळलं नाही ते कसं नाकारायचं?

घरी ती दुसऱ्याच्या बसमधून, प्रवासी म्हणून गेली. समोर गाडी आली की तिचा उजवा पाय आपोआप खालचा पत्रा दाबायचा. शेजारचा माणूस दोनदा पायांकडे बघून सरकून बसला. एरवी तिने त्याला हसून सांगितलं असतं की बाबा, मी ड्रायव्हर आहे. आज तेही सांगवेना.

तिचा नवरा चष्मे दुरुस्त करतो. घराच्या पुढच्या खोलीतच दुकान. डोळ्याला भिंग लावून तो एका काडीत स्क्रू बसवत होता.

"अहो, माझ्या अंगात काहीतरी सापडलंय."

त्याने भिंग काढलं. "गाठ?"

"नाही हो. नाव आहे एक. मेथाम... मेटाफे..." तिला ते पुन्हा म्हणता येईना. प्रत्येक वेळी नवंच काहीतरी तोंडातून बाहेर पडायचं. "उत्तेजक म्हणाले."

नवरा विचारात पडला. "उत्तेजक म्हणजे उत्तेजन देणारं. त्यात वाईट काय? तुला शाळेत धावण्यात उत्तेजनार्थ बक्षीस मिळालं होतं ना?"

"त्या बक्षिसाने कुणाची नोकरी जात नाही."

मग नवरा चप्पल घालून कोपऱ्यावरच्या औषधवाल्याकडे गेला. त्याच्या चष्म्याच्या काड्या हा फुकट सरळ करून देत असे, त्यामुळे घरोबा होता. औषधवाल्याने ते नाव ऐकलं, आजूबाजूला पाहिलं आणि हळूच म्हणाला, "असलं इथे मिळत नाही. आणि भाऊ, तुम्ही मला हे विचारलंत, हे कुठे बोलू नका." नवरा घरी आला तो गेला होता त्याहून जास्त गोंधळून.

संध्याकाळी लेक आली. बँकेत नोकरी करते, सकाळी जाताना दीड वर्षाच्या मुलीला आजीच्या घरी सोडते. आजी दुपारपाळीला जाईपर्यंत सांभाळते, पुढे आजोबा. लेकीने सगळं ऐकून घेतलं आणि फोनवर ते नाव शोधून काढलं. वाचत गेली तसा तिचा चेहरा उतरत गेला.

"काय लिहिलंय?"

"एका ठिकाणी म्हणे औषध आहे, डॉक्टर लिहून देतात. दुसरीकडे लिहिलंय, माणसाचा सत्यानाश करतं. घेणाऱ्याला झोप नाही, भूक नाही, उगाच संशय येतात." लेकीने फोन उलटा ठेवला. "आई, तू हल्ली पहाटेच उठून बसतेस ना गं?"

"वय झालं म्हणून उठते!"

"हो, तेच. मी सहज विचारलं."

दुसऱ्या दिवशी नात आली नाही. लेकीचा फोन आला, तिला सर्दी झाली आहे, म्हणून घरीच ठेवते. "सर्दी तर मला आहे," मावशी म्हणाली आणि फोन ठेवून नातीची छोटी खुर्ची पुसून कोपऱ्यात सरकवली. लेक खोटं बोलत होती हे तिला कळलं होतं. पण लेकीच्या जागी आपण असतो तर आपणही कदाचित हेच केलं असतं, असंही तिला वाटलं.

मग ती स्वतःलाच तपासायला लागली. पहाटे जाग येते, ती वयाने की त्या द्रव्याने? गाडी चालवताना आपल्याला बरं वाटतं, तेही त्यानेच? गेल्या महिन्यात सासरच्या लग्नात आपण जरा जास्तच बोललो होतो. ते कोण बोललं, आपण की ते? आरशात ती बुबुळं बघायची. नवऱ्याला म्हणायची, भिंगातून बघा. तो बिचारा बघायचा आणि म्हणायचा, "मला फक्त चष्म्याचा नंबर लागलेला दिसतो."

आपल्या पोटात ते गेलं तर कुठून गेलं? बाहेरचं ती काही खात नव्हती. मग तिला लंबू आठवला.

लंबू हा तिच्याच मार्गावरचा दुसरा ड्रायव्हर, तिच्याहून बराच तरुण, ताडमाड उंच. शेवटच्या थांब्यावर दोघांच्या गाड्या एकत्र उभ्या राहायच्या आणि त्याच्या थर्मासातला चहा दोघं वाटून प्यायची. थर्मास त्याचा, चहा त्याचा, ओतणाराही तोच. एकदा हा विचार डोक्यात शिरला आणि घर करून बसला.

ती डेपोच्या फाटकावर जाऊन उभी राहिली. लंबू पाळी संपवून बाहेर आला, तिला पाहून त्याचा चेहरा खुलला. "मावशी! कधी येताय परत? तुमच्या जागी आलेला ब्रेक असा मारतो की लोक देवाचं नाव घेतात."

"तुझ्या चहात काय असतं रे?"

"साखर जास्त असते, बायको ओरडते. का?"

"आणखी काय घालतोस?"

तो आधी हसला. मग त्याला कळलं. एवढा उंच माणूस, पण उभ्या जागी लहान झाल्यासारखा दिसला. "मावशी, तो चहा मीही पितो," एवढंच तो म्हणाला आणि निघून गेला.

तिने त्या दिवसापासून घरचाही चहा सोडला. पाणी उकळून प्यायची, जेवण स्वतः रांधायची. तोंडावाटे जाणाऱ्या प्रत्येक गोष्टीवर तिचा पहारा होता.

अखेर प्रयोगशाळेतून बोलावणं आलं. डॉक्टरीणबाई वयाने तिच्या लेकीएवढ्या, पण शांत. "कुठली औषधं चालू आहेत?" त्यांनी विचारलं.

"एकही नाही."

"सर्दी-खोकल्याची? झोपेची? पावडर, काढा?"

"काही म्हणजे काही नाही. चहासुद्धा सोडला," असं म्हणता म्हणता मावशीने खिशातली कांडी काढली, एका नाकपुडीला लावली, मग दुसऱ्या, आणि परत खिशात ठेवली.

डॉक्टरीणबाई बघतच राहिल्या. "ते काय होतं?"

"हे होय? हे औषध नाही हो. हे नुसतं हुंगायचं."

"द्या बरं इकडे."

कांडीवरची अक्षरं मुंगीच्या पायाएवढी. डॉक्टरीणबाईंनी ती खिडकीजवळ नेऊन वाचली आणि खुर्चीत टेकून बसल्या. "मावशी, यावर लिहिलंय लेव्हमेटाम्फेटामिन."

"म्हणजे तेच?"

"म्हणजे... तेच. आणि ते नाही."

मावशीला रडू आलं. "बाई, मला एक काहीतरी सांगा."

मग डॉक्टरीणबाईंनी नाव फोडून दाखवलं. अल्फा-मिथाइल-फेनिथाइल-अमिन असं एक लांबलचक नाव होतं. त्यातली अधलीमधली अक्षरं उचलून अॅम्फेटामिन झालं. त्याला मिथाइलचा आणखी एक तुकडा चिकटला, म्हणून पुढे मेथ. "पण या रेणूची दोन रूपं असतात," त्या म्हणाल्या आणि दोन्ही हात तिच्यासमोर धरले. "अशी. बोटं तेवढीच, अंगठा तोच. पण डाव्या हाताचा मोजा उजव्या हातात बसत नाही. उजवं रूप डोक्यात जाऊन नशा करतं. डावं बहुतेक नाक मोकळं करण्यापुरतं. लेव्ह म्हणजे डावं. आमच्या तपासणीला नुसतं नाव कळतं, हात कळत नाही."

"म्हणजे आडनाव एक, भाऊ दोन," मावशी डोळे पुसत म्हणाली. "आणि थोरला चोर म्हणून धाकट्याला धरलं."

"अगदी तसंच. पण धाकट्यालाही तुम्ही जरा जास्तच घरात घेतलंत. दिवसातून किती वेळा हुंगता?"

"जितके सिग्नल लागतील तितके."

डॉक्टरीणबाईंनी कपाळाला हात लावला.

त्याच बाटलीतल्या उरलेल्या लघवीवर डावं-उजवं वेगळं करणारी तपासणी झाली. सापडलेलं सगळं डावं निघालं. साहेबांनी केबिनमध्ये बोलावून ओळखपत्र परत दिलं. यावेळी दार उघडंच ठेवलं, बाहेर ऐकू जावं म्हणून आवाजही मोठा केला.

"साहेब, म्हणजे माझ्या अंगात ते नव्हतंच ना?"

"होतं. पण ते ते नव्हतं."

"मग कुणी विचारलं तर मी काय सांगू?"

साहेबांनी डोकं खाजवलं. "सांगा, सर्दी होती."

लेक त्याच संध्याकाळी मुलीला घेऊन आली. दारातच म्हणाली, "आई, मी..." मावशीने नातीला घेतलं आणि म्हणाली, "हिची सर्दी बरी झाली वाटतं." लेक मान खाली घालून हसली, मग रडली. त्यांचं तिथेच मिटलं.

लंबूचं तसं मिटलं नाही. मावशी त्याच्यापुढे हात जोडून उभी राहिली, डावं-उजवं सगळं समजावून सांगितलं. तो ऐकत होता. शेवटी म्हणाला, "मावशी, रसायन मला कळलं. पण एवढी वर्षं मी तुमच्यासोबत चहा पितोय. तुम्हाला पहिला संशय माझाच का आला, ते मला कळलं नाही."

तिलाही ते कळलेलं नाही. तिने फार विचार केला. नशा डोक्यात नव्हती, हे तर प्रयोगशाळेनेच लिहून दिलंय. मग संशय कुठून आला? यावर डॉक्टरीणबाईंकडेही तपासणी नव्हती.

आता ती तोंडाने श्वास घेत गाडी चालवते, मिठाच्या पाण्याने नाक धुते. शेवटच्या थांब्यावर लंबूची गाडी येते तेव्हा तो हात वर करतो, तीही करते. परवा त्याच्या गाडीचा आरसा सैल झाला होता. तिने जाऊन तो धरून ठेवला आणि त्याने स्क्रू आवळला. दोघं त्या आरशाबद्दलच बरंच काही बोलली.